बाथटबच्या कडेचं सिलिकॉन: जुनं खरवडण्यापासून नवं भरेपर्यंत

खालच्या फ्लॅटच्या छताला ओल धरली, रंगाचे पोपडे सुटले, की सगळ्यांचा पहिला संशय पाइपांवर जातो. वरच्या घरात बाथटब असेल तर भिंत फोडायला घेण्याआधी टबची भिंतीलगतची कड नीट बघा. तिथली सिलिकॉनची पट्टी काळी पडली असेल, सुटली असेल किंवा मधेमधे भेगाळली असेल, तर पाण्याला वाट तिथूनच मिळत असण्याची शक्यता मोठी आहे. हे काम घरच्या घरी होतं, त्याला फार महाग हत्यारंही लागत नाहीत. फक्त वेळेचा हिशेब आधीच समजून घ्या. सिलिकॉन भरायला अर्धा तास पुरतो. उरलेले दोन-तीन दिवस जातात ते जुनं खरवडण्यात, धुण्यात आणि वाळू देण्यात. त्यात घाई केली की नवी पट्टी दिसायला सुरेख असते आणि थोड्याच दिवसांत एका टोकाने उचलली जाते.

हा सांधा हलतो

हल्लीचे बहुतेक टब अक्रिलिकचे, मागून फायबरग्लासचा थर दिलेले. अशा टबात नेहमीच्या पातळीपर्यंत पाणी भरलं तरी दीडशे ते दोनशे लिटर सहज होतं, म्हणजे तितकेच किलो वजन. त्यात माणसाचं वजन वेगळं. या भाराने टबची कड किंचित खाली दबते, पाणी सोडलं की पुन्हा वर येते. गरम पाण्याने अक्रिलिक प्रसरण पावतं, गार झालं की आकसतं. भिंत मात्र जागची हलत नाही. म्हणजे दर आंघोळीला ही फट थोडी उघडते आणि थोडी मिटते.

गवंडी टाइल्सच्या दर्जा, म्हणजे दोन टाइल्समधल्या फटी, भरताना त्याच हाताने ही फटही व्हाइट सिमेंटने किंवा ग्राउटने (टाइल्सच्या फटी भरायच्या मिश्रणाने) बुजवून टाकतात. काम झालेल्या दिवशी ते एकसंध, स्वच्छ दिसतं. पण सिमेंट ताणलं जात नाही, त्यामुळे टब पहिल्यांदा दबला की कडेने केसाएवढी भेग जाते. अशी बारीक भेग मोठ्या फटीपेक्षाही त्रासदायक, कारण ती केशाकर्षणाने पाणी आत ओढून घेते आणि वरून ओलावा दिसत नाही. एम-सील आणि इपॉक्सी ग्राउट त्यांच्या जागी उत्तम आहेत, पण दोन्ही वाळल्यावर कडक होतात, म्हणून इथे चालत नाहीत. टब आणि भिंत, टब आणि फरशी, तसंच टबच्या वरच्या कोपऱ्यात दोन भिंतींच्या टाइल्स जिथे काटकोनात भेटतात ती उभी रेघ, या सगळ्या जागी लवचीक सिलिकॉनच हवं.

आधी खात्री करा की पाणी इथूनच जातंय

टबखाली पाणी जायला पाच वाटा असतात: तळाचं वेस्ट कपलिंग (टबमधलं पाणी सोडायच्या तोंडाची जोडणी), वरचं ओव्हरफ्लोचं, म्हणजे जादा पाणी वाहून नेणारं छिद्र, भिंतीतून बाहेर येणारा गरम-गार पाण्याचा मिक्सर नळ, टाइल्सच्या उघड्या पडलेल्या दर्जा आणि टबची कड. सिलिकॉनने फक्त शेवटची बंद होते. म्हणून एकेक वाट वेगळी तपासायची.

टबच्या दर्शनी बाजूला तपासणीची झडप असेल तर ती उघडा, आतली जागा पुसून कोरडी करा आणि वेस्टच्या नळीभोवती टिश्यू पेपर गुंडाळा. आता कड अजिबात भिजू न देता टब अर्धा भरा. पाण्याच्या पातळीवर टेपचा तुकडा चिकटवा आणि दोन-तीन तास तसंच राहू द्या. पातळी उतरली तर वेस्ट किंवा टबच्या तळाला तडा. पातळी टिकली, पण पाणी सोडताना टिश्यू भिजला, तर दोष सांडपाण्याच्या जोडणीत. पुढे ओव्हरफ्लोपर्यंत भरून त्याच्या मागची बाजू बघा. हे सगळं कोरडं राहिलं तर हँड शॉवरचं पाणी फक्त कडेवर दहा-पंधरा मिनिटं सोडा, आणि शेवटी मिक्सरभोवती व टाइल्सवर.

झडप नसेल तर एक साधी चाचणी आहे. टब कोरडा असताना एकाने त्यात उभं राहून भिंतीच्या बाजूला भार द्यावा आणि दुसऱ्याने बॅटरीच्या उजेडात कड निरखावी. सांधा उघडतो तो डोळ्यांना दिसतो. व्हिजिटिंग कार्डाचा कोपरा कडेने सरकवत न्या. जिथे तो सहज आत शिरतो तिथून पाणीही शिरतं.

आपल्याकडच्या इमारतींमध्ये एक गोष्ट फसवते. बाथरूमखाली बऱ्याचदा खोलगट स्लॅब असतो, ज्याला बिल्डर सन्कन स्लॅब म्हणतात, आणि त्यात विटांच्या तुकड्यांचा ब्रिकबॅट कोबा भरलेला असतो. कडेतून गेलेलं पाणी आधी या भरावात मुरतं, भराव भिजून तुडुंब झाला की मगच खालच्या छताला डाग दिसतो. त्यामुळे आज पाणी सोडून तासाभराने खाली जाऊन बघितलं आणि काही दिसलं नाही, याचा अर्थ गळती नाही असा होत नाही.

सामान

हार्डवेअरच्या दुकानात नुसतं ‘सिलिकॉन द्या’ म्हटलं की बहुधा साधं जनरल पर्पज सिलिकॉन हातात येतं. ते लावताना व्हिनेगरसारखा आंबट वास येतो, कारण घट्ट होताना त्यातून अ‍ॅसेटिक आम्ल सुटतं. काच आणि चकाकीच्या टाइल्सवर ते पक्कं धरतं, पण संगमरवराला ते आम्ल बाधतं, पितळ-तांब्याला गंज आणतं आणि सिमेंटवर नीट चिकटत नाही. म्हणून बाथरूमसाठी न्यूट्रल क्युअर प्रकारचं, म्हणजे घट्ट होताना हे आम्ल न सोडणारं, सॅनिटरी असं लिहिलेलं सिलिकॉन मागा. सॅनिटरी प्रकारात बुरशीरोधक मिसळलेलं असतं. भिंतीला संगमरवर असेल तर नैसर्गिक दगडासाठी चालतं असं नळीवर स्पष्ट छापलेलं घ्या, कारण काही सिलिकॉनमधला तेलकट अंश दगडात उतरून कायमचा डाग पडतो. गॅप फिलर किंवा अक्रिलिक सीलंट म्हणून मिळतं ते रंगकामासाठी, सतत ओल्या जागेसाठी नव्हे.

नळीवरची तारीख वाचल्याशिवाय पैसे देऊ नका. मुदत उलटलेलं सिलिकॉन आठवडाभर चिकट राहतं आणि घट्ट होतच नाही, मग ते काढण्याचे हाल वेगळे. किती लागेल याचा अंदाज असा: पाच फूट बाय अडीच फूट टब तीन बाजूंनी भिंतीला लागून असेल तर सांधा साधारण तीन मीटरचा. सहा ते आठ मिलिमीटर रुंद पट्टीसाठी 280 मिलिलिटरची एक नळी पुरून उरते. रंगात पांढराच घ्यावा असं माझं मत आहे. पारदर्शक सिलिकॉनमागची प्रत्येक घाण दिसते.

बाकी सामान म्हणजे सिलिकॉन गन, धारदार कटर, प्लास्टिकची खरवडणी, मास्किंग टेप, आयसोप्रोपिल अल्कोहोल, भरपूर जुनी सुती फडकी, हातमोजे, आणि फट रुंद असेल तर बॅकर रॉड, म्हणजे फोमची गोल दोरी.

जुनं काढणं

कामाचा कस इथे लागतो. नवं सिलिकॉन जुन्या सिलिकॉनवर चिकटत नाही. वरून एक थर मारून भागवणं हा सगळ्यात जास्त दिसणारा शॉर्टकट आहे आणि तो कधीच टिकत नाही.

सुरुवातीला वेस्टच्या तोंडात फडकं कोंबा, म्हणजे तुकडे आत जाऊन अडकणार नाहीत. टबच्या तळाशी जाडसर चादर किंवा पुठ्ठा पसरा, कारण पडलेल्या कटरचा ओरखडा अक्रिलिकवरून जात नाही. मग कटर टाइलला जवळजवळ सपाट ठेवून वरची कड कापा, नंतर टबच्या बाजूची. टबच्या बाजूला पातं कमीत कमी कोनात आणि हलक्या हाताने चालवायचं. दोन्ही बाजू सुटल्या की पट्टीचं टोक बोटात धरून ओढा, जुनी झालेली पट्टी हातभर लांब एकसंध निघते. राहिलेलं प्लास्टिकच्या खरवडणीने काढा. घट्ट बसलेल्या अवशेषांवर सिलिकॉन रिमूव्हर लावून डब्यावर दिलेला वेळ थांबा. टब अक्रिलिकचा असेल तर अ‍ॅसिटोन, नेलपेंट रिमूव्हर किंवा थिनर चुकूनही वापरू नका. अक्रिलिक त्यात विरघळतं आणि चकाकी कायमची जाते.

व्हाइट सिमेंट भरलेलं असेल तर कटरने निभणार नाही. जुना हॅकसॉ ब्लेड फडक्यात धरून फटीतून पुढे-मागे चालवा, टाइलच्या कडा जपत. छिन्नी-हातोडी शक्यतो टाळा. एका ठोक्यात टाइलचा कोपरा उडतो.

सगळं निघालं असं वाटलं की डोळ्यांवर विसंबू नका, बोट फिरवा. सिलिकॉनचा पातळ पापुद्रा दिसत नाही, पण त्या जागी बोट अडखळतं, रबरासारखं लागतं. दुसरी खूण पाण्याची: कडेवर पाणी शिंपडा. स्वच्छ चकाकीच्या टाइलवर ते पसरतं, जिथे सिलिकॉन राहिलंय तिथे त्याचे गोल थेंब होतात.

बुरशी, क्षार आणि वाळवण

पट्टी निघाल्यावर आत काळी बुरशी आणि पांढरे क्षार दोन्ही सापडतात. बोअरिंगचं किंवा टँकरचं पाणी असलेल्या घरांत क्षारांचा थर चांगलाच जाड असतो. सिलिकॉन त्या थराला चिकटतं आणि थरासकट सुटतं, म्हणून तो जायलाच हवा. क्षारांसाठी सायट्रिक आम्लाचं किंवा व्हिनेगरचं पाणी लावून घासा (संगमरवर असेल तर आम्ल नको, नुसतं खरवडा). मग भरपूर पाण्याने धुवा. बुरशीसाठी त्यानंतर पातळ केलेलं ब्लीच, म्हणजे सोडियम हायपोक्लोराइट, कापसाच्या वातीने कडेवर दहा-पंधरा मिनिटं ठेवा आणि पुन्हा धुवा.

ब्लीच आणि आम्ल एकत्र येऊ देऊ नका. टॉयलेट क्लीनर, फरशी धुण्याचं अ‍ॅसिड, व्हिनेगर, यातल्या कशातही ब्लीच मिसळलं की क्लोरीन वायू तयार होतो, आणि आपल्याकडची बाथरूमं लहान, खिडकी म्हणजे काचेच्या चार पट्ट्या. दोन्ही कामांच्या मध्ये जागा पूर्ण धुवून घ्या, एक्झॉस्ट फॅन चालू ठेवा, दार उघडं ठेवा.

आता वाळवण. किमान चोवीस तास त्या बाथरूममध्ये आंघोळ नाही. पावसाळ्यात मुंबईत किंवा कोकणात अठ्ठेचाळीस तासही धरा. सिलिकॉनला हवेतल्या दमटपणाचं वावडं नाही, उलट ते हवेतलं बाष्प घेऊनच घट्ट होतं. वावडं आहे ते ओल्या पृष्ठभागाचं. फटीत खोल साठलेलं पाणी बाहेर काढायला टिश्यूची सुरळी आत सरकवून ठेवा, ती कोरडी निघेपर्यंत बदलत राहा. हेअर ड्रायर मंद आचेवर फिरवला तर मदत होते. भरायच्या अगदी आधी दोन्ही कडा आयसोप्रोपिल अल्कोहोलच्या फडक्याने पुसा, साबणाचा आणि तेलाचा उरलासुरला अंश त्याने जातो. त्यानंतर तिथे उघडं बोट लावू नका.

टब पाण्याने भरा

ही पायरी बहुतेक प्लंबर गाळतात. अक्रिलिकचा किंवा फायबरग्लासचा टब असेल तर सिलिकॉन भरण्याआधी तो पाण्याने भरा, ओव्हरफ्लोच्या थोडं खालपर्यंत, कड न भिजवता. टब दबतो, फट तिच्या सर्वांत रुंद अवस्थेत येते आणि तुम्ही त्या रुंदीला पट्टी घालता. टब रिकामा झाला की पट्टी दाबली जाते, आणि दाबलं जाणं तिला मानवतं. रिकाम्या टबावर भरलेली पट्टी मात्र दर आंघोळीला ताणली जाते आणि भिंतीच्या बाजूने सुटू लागते. पाणी सिलिकॉन घट्ट होईपर्यंत तसंच ठेवायचं. भरलेल्या टबाजवळ लहान मूल एकटं जाणार नाही अशी व्यवस्था करा, बाथरूमला बाहेरून कडी लावा. बिडाच्या टबला या पायरीची फारशी गरज नसते.

फट सहा मिलिमीटरपेक्षा रुंद असेल तर बॅकर रॉड लागेल. फटीपेक्षा साधारण चतुर्थांशाने जाड रॉड घेऊन तो बोथट वस्तूने आत दाबा, टोकदार वस्तूने त्याला भोकं पाडू नका. रॉडचे फायदे दोन. सिलिकॉन वाया जात नाही आणि ते फक्त टब व टाइल या दोनच बाजूंना चिकटतं. मागच्या बाजूलाही चिकटलं तर त्याला ताणायला जागा राहत नाही आणि ते मधोमध फाटतं. पट्टीची खोली रुंदीच्या साधारण निम्मी असावी.

टेप, गन आणि बोट

टाइलवर आणि टबवर मास्किंग टेपच्या दोन समांतर पट्ट्या लावा, मध्ये सहा ते आठ मिलिमीटर जागा सोडून. टेपच्या आतल्या कडा नखाने दाबून बसवा. ज्यांचा हात बसलेला आहे ते टेपशिवाय करतात, पण घरी पहिल्यांदा करणाऱ्याने टेप सोडू नये.

नळीचं तोंड कापा, नोझल बसवा आणि नोझलचं टोक पंचेचाळीस अंशांत तिरकं छाटा. छिद्र फटीपेक्षा किंचितच मोठं असू द्या. आधी टाकाऊ पुठ्ठ्यावर वीतभर रेघ ओढून हात बसवा. मग मागच्या कोपऱ्यातून सुरुवात करून एक बाजू न थांबता एका दमात पूर्ण करा. ट्रिगरवरचा दाब आणि हाताचा वेग सारखा राहिला की रेघ सारखी येते. थांबायचं असेल तेव्हा गनच्या मागची पत्ती लगेच दाबून दांडा मोकळा करा, नाहीतर सिलिकॉन येतच राहतं.

एका वेळी एकच बाजू भरून लगेच साफ करा. सिलिकॉनवर दहा-पंधरा मिनिटांत साय धरते आणि त्यानंतर हात लावला की पृष्ठभाग ओरबाडला जातो. वाटीभर पाण्यात भांड्याच्या साबणाचे दोन-तीन थेंब टाका, हातमोज्यातलं बोट त्यात बुडवून झटका आणि पट्टीवरून एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत एकदाच, हलका दाब देत फिरवा. बोटाऐवजी आइस्क्रीमची गोल टोकाची काडीही चालते. साबणाचं पाणी सिलिकॉन भरण्याआधी फटीत अजिबात जाऊ देऊ नका. पुन्हा पुन्हा बोट फिरवण्याचा मोह आवरा.

बोट फिरवून झाल्याबरोबर टेप काढा, साय धरायच्या आत. टेप फटीपासून दूर, तिरकी ओढत सोडवा आणि लगेच कागदात गुंडाळा. टेपच्या जागी बारीक उंचवटा राहिला तर साबणाचं बोट अगदी हलकं एकदा फिरवा. वाळलेलं सिलिकॉन कापूनच काढावं लागतं, त्यामुळे टाइलवर डाग पडला असेल तर आत्ताच पुसा.

कुठे भरू नये

दर्शनी बाजूचं पॅनेल काढता येण्यासारखं असेल तर ते चारही बाजूंनी सिलिकॉनने बंद करू नका. उद्या वेस्ट गळलं तर तेच उघडायचं आहे. तळाशी बोटभर फट मोकळी ठेवा, म्हणजे आत गळती झाली तर पाणी फरशीवर येऊन दिसेल आणि नहाणी ट्रॅपकडे (फरशीतल्या जाळीच्या तोंडाकडे) जाईल, भरावात मुरणार नाही. ज्यांचा टब अजून बसायचा आहे त्यांनी गवंड्याकडून झडप आणि टबखालच्या जागेला ट्रॅपकडे उतार, दोन्ही करून घ्यावेत.

अमेरिकेत राहणाऱ्या वाचकांसाठी थोडं वेगळं. तिथल्या अपार्टमेंटमध्ये 60 बाय 30 इंचांचा, तीन भिंतींमध्ये बसवलेला टब जवळजवळ ठरलेलाच असतो आणि भिंत विटांची नसून लाकडी सांगाड्यावरच्या बोर्डाची असते. कडेतून गेलेलं पाणी छताला डाग पाडण्याआधी तो बोर्ड आणि लाकूड कुजवतं. दुकानात मिळणारं लेटेक्स कॉक (फटी भरायचं पाण्यात मिसळणारं सीलंट) सोपं असलं तरी टबसाठी शंभर टक्के सिलिकॉन घ्या. घर भाड्याचं असेल तर आधी मालकाला लेखी कळवा.

नंतर

सिलिकॉन बाहेरून आत घट्ट होत जातं, चोवीस तासांत साधारण दोन ते तीन मिलिमीटर. म्हणून वरून कोरडं लागलं तरी एक पूर्ण दिवस पाणी नाही, आणि पट्टी जाड असेल तर दोन-तीन दिवस. त्यानंतर टबमधलं पाणी सोडा, हँड शॉवरची आणि कार्डाची चाचणी पुन्हा करा.

रोजच्या वापरात कडेवर साबण, शॅम्पूच्या बाटल्या आणि ओली फडकी ठेवणं टाळा. आंघोळीनंतर कड पुसली आणि एक्झॉस्ट अर्धा तास चालू राहिला तर काळेपणा बराच लांबतो. पट्टीवर वरवर आलेली बुरशी ब्लीचने जाते. आतून, पट्टीच्या मागून दिसणारी काळी सावली जात नाही. तिचा अर्थ मागे पाणी पोचलं आहे, तेव्हा तेवढा भाग नव्हे तर ती संपूर्ण बाजू बदला.

खालच्या शेजाऱ्यांना एक गोष्ट आधीच सांगून ठेवा: सांधा बंद झाला तरी त्यांचं छत लगेच वाळणार नाही. भरावात मुरलेलं पाणी उतरायला काही आठवडे जातात आणि तोवर डाग थोडा वाढलाही, तरी काम फसलं असं समजायचं कारण नाही. डागाची कड पेन्सिलीने आखून तारीख लिहा, दर आठवड्याला बघा. महिन्या-दीड महिन्यानंतरही तो वाढतच असेल तर मिक्सर, दर्जा आणि बाथरूमचं वॉटरप्रूफिंग तपासायला हवं. महाराष्ट्रातल्या गृहनिर्माण संस्थांच्या आदर्श उपविधींनुसार शौचालय, सिंक वगैरेंमुळे होणाऱ्या अंतर्गत गळतीचा खर्च त्या सभासदाचा असतो, तेव्हा कामाचे आधीचे आणि नंतरचे फोटो जपून ठेवलेले बरे. खालच्या छताला नवा रंग मात्र डाग पूर्ण कोरडा झाल्यावरच द्या. ओल्या प्लास्टरवर मारलेला रंग पुन्हा पोपडे धरतो.